१९८२ : दूरदर्शनला रंग चढला ते वर्ष

काळ्या-पांढऱ्या टीव्हीच्या काचेवर लावायचा प्लास्टिकचा एक पारदर्शक पडदा त्या काळी बाजारात मिळत असे. तो वरच्या बाजूला निळा, मध्ये फिकट नारिंगी आणि खाली हिरवा असे. क्रिकेटचा सामना चालू असला, की वर आकाश आणि खाली हिरवळ असल्याने तो शोभूनही दिसे. बातम्या देणाऱ्या निवेदिकेचे कपाळ मात्र निळे आणि हनुवटी हिरवी होई. रंगांची एवढी हौस असलेल्या या देशात खरेखुरे रंगीत प्रक्षेपण आले ते १९८२ मध्ये.

दिल्लीत १५ सप्टेंबर १९५९ रोजी प्रायोगिक स्वरूपात सुरू झालेली दूरचित्रवाणी मुंबईला पोहोचली ती २ ऑक्टोबर १९७२ रोजी. त्यानंतर श्रीनगर, अमृतसर, कलकत्ता, मद्रास, लखनौ अशी केंद्रे उभी राहिली, तरी प्रत्येक केंद्राची संध्याकाळ ज्याची त्याची होती. वरळीच्या मनोऱ्यावरून निघालेली ‘आमची माती, आमची माणसं’ ज्या घरात दिसे, त्या घराचा दिल्लीच्या पडद्याशी रोजचा संबंध फारसा येत नसे.

हे चित्र बदलण्याची भिस्त उपग्रहावर होती. अमेरिकेत बांधलेला ‘इन्सॅट-१ ए’ १० एप्रिल १९८२ रोजी अवकाशात सोडण्यात आला. परंतु पहिल्यापासूनच बिघाडांनी ग्रासलेल्या या उपग्रहाची दिशा स्थिर ठेवणारे इंधन संपले आणि सात वर्षांसाठी बांधलेले हे यान काही महिन्यांतच, आशियाई क्रीडास्पर्धांच्या तोंडावर, निकामी झाले. त्याची जागा घेणारा ‘इन्सॅट-१ बी’ अवकाशात जायला ऑगस्ट १९८३ उजाडले.

दरम्यान, रंगावरून वाद रंगला होता. गरीब देशाला ही चैन परवडणार आहे काय, असा टीकाकारांचा सवाल होता, तर विदर्भातून निवडून आलेले तत्कालीन माहिती व नभोवाणी मंत्री वसंत साठे रंगीत प्रक्षेपणाचा आग्रह सोडायला तयार नव्हते. गंमत अशी, की नोव्हेंबरात स्पर्धांना तोंड फुटले, तेव्हा ते खाते त्यांच्याकडे राहिले नव्हते.

१५ ऑगस्ट १९८२ रोजी पंतप्रधान इंदिरा गांधी यांचे लाल किल्ल्यावरील भाषण रंगीत प्रक्षेपित झाले आणि त्याच दिवसापासून ‘राष्ट्रीय कार्यक्रम’ही सुरू झाला. लोकांच्या लक्षात रंग राहिला. आमच्या मते त्या दिवसाची मोठी घटना ही दुसरी होती. रात्रीचा ठरावीक वेळ आता सगळ्या केंद्रांवर दिल्लीचा झाला, आणि मराठी, तमिळ वा बंगाली कार्यक्रमांना उरलेल्या वेळात आपली सोय पाहावी लागली.

१९ नोव्हेंबरला नेहरू स्टेडियममध्ये आशियाई स्पर्धांचे उद्घाटन झाले. भारताने स्वीकारलेल्या ‘पाल’ पद्धतीत रंगीत संदेश जुन्या संचावरही काळा-पांढरा होऊन उमटतो, त्यामुळे बहुसंख्य घरांनी हा रंगीत सोहळा राखाडी छटांतच पाहिला. ज्या घरी रंगीत संच होता, त्या घराची बैठकीची खोली शेजाऱ्यांनी भरून जाई आणि चपला दाराबाहेर जिन्यापर्यंत जात.

एम. डी. वलसम्मा यांनी ४०० मीटर अडथळ्यांच्या शर्यतीत मिळवलेले सुवर्णपदक या पडद्यावर दिसले, आणि हॉकीच्या अंतिम सामन्यात पाकिस्तानने भारतावर चढवलेले सात गोलही दिसले. पूर्वी असा पराभव रेडिओवर ऐकायचा आणि सकाळी वर्तमानपत्रात वाचायचा. आता प्रत्येक गोल घराघरांत एकाच क्षणी पाहिला गेला, आणि गोलरक्षक मीररंजन नेगी यांना त्याची किंमत पुढे अनेक वर्षे मोजावी लागली.

४ डिसेंबरला स्पर्धा संपल्या. या पडद्यावर दाखवायचे तरी काय, याचा विचार करण्यासाठी सरकारने पी. सी. जोशी यांच्या अध्यक्षतेखाली कार्यगट नेमला तोही त्याच डिसेंबरात.