नंबर प्लेट वाचता आली पाहिजे

श्रोतेहो, नमस्कार.

गाळप हंगामात रात्री निपाणी-चिकोडी भागात प्रवास केला असेल, तर उसाच्या ट्रॉल्या तुम्ही पाहिल्याच असतील. ऊस मागे एवढा लोंबतो की नंबर दिसतच नाही. अशा वाहनानं एखाद्या दुचाकीवाल्याला उडवलं आणि ते पुढे निघून गेलं, तर बघणाऱ्यानं पोलिसांना सांगायचं काय? १९८९ च्या केंद्रीय मोटार वाहन नियमांप्रमाणे मागच्या प्लेटवर पांढरा उजेड हवा आणि १५ मीटरवरून नंबर वाचता आला पाहिजे. गाडी रस्त्यावर काढण्याआधी मागे जाऊन एकदा बघा. प्लेट पुसायला जुनं फडकंसुद्धा पुरतं.

नंबर इंग्रजी अक्षरांत आणि इंग्रजी आकड्यांतच हवा. मराठीतला चालत नाही, कन्नडमधलाही नाही. ४१४१ चा 'दादा' आणि २१४ चा 'राम' करून मिरवणारी पोरं गल्लोगल्ली आहेत. आपल्या सीमाभागात भाषेचा जिव्हाळा मोठा आहे, मलाही तो आहे. पण अपघाताच्या वेळी शेजारून जाणारा माणूस गोव्याचा असेल, हुबळीचा असेल. त्यालाही तो नंबर वाचता यायला हवा. प्लेटवर जात, पक्ष, हुद्दा यांतलं काहीही नको.

१ एप्रिल २०१९ पासून नव्या गाडीला एचएसआरपी, म्हणजे हाय सिक्युरिटी नंबर प्लेट, गाडीच्या कंपनीकडूनच येते. जुन्या गाड्यांनाही ती बसवायची आहे. खरी प्लेट ओळखायची कशी? डावीकडे वर निळसर अशोकचक्राचा होलोग्राम असतो, खाली लेझरनं कोरलेला बारीक क्रमांक असतो. प्लेट स्नॅप लॉकनं बसवतात, ते एकदा काढलं की पुन्हा वापरता येत नाही. बाजारात हुबेहूब प्लेट करून मिळते, तिच्यावर पैसे घालवू नका. तिचा क्रमांक तुमच्या गाडीच्या नोंदीशी जोडलेलाच नसतो.

चंदगड, कोल्हापूरकडून गाडी घेऊन इकडे राहायला आलेल्यांसाठी एक गोष्ट. एमएच-०९ ची गाडी १२ महिन्यांहून जास्त कर्नाटकात ठेवायची असेल, तर इथला नवा नंबर घ्यावा लागतो. बेळगावसाठी केए-२२, चिकोडीसाठी केए-२३. त्याआधी मूळच्या आरटीओकडून ना हरकत दाखला घ्या. गाडीवर कर्ज असेल, तर बँकेचं संमतिपत्रही लागतं. वर्ष भरत आल्यावर धावाधाव करण्यापेक्षा ते आधीच मागून ठेवा.