समुद्र कुणाचा? कान्होजींचं दस्तक

मंडळी, कान्होजी आंग्र्यांवर बोलायचं म्हटलं की वक्ता पहिल्याच वाक्यात तलवार उपसतो. मी आज एक कागद काढणार आहे. दस्तक.

कोकणपट्टीवरून माल न्यायचा असेल तर कान्होजींच्या कारभाऱ्यांकडून दस्तक घ्यायचं आणि त्याचे पैसे भरायचे. दस्तक असलं की वाट मोकळी, नसलं की गलबत धरून बंदरात आणलं जायचं. मुंबईकर इंग्रजांनी याला चाचेगिरी म्हटलं, आणि त्यांच्या पुस्तकांतून तो शब्द आपल्या तोंडीही बसला. गंमत अशी की पोर्तुगीज हाच उद्योग दोनशे वर्षं करत आले होते. त्यांच्या परवान्याला ‘कार्ताझ’ म्हणत. तो जवळ नसला की जहाज जप्त. इंग्रजही हिंदी व्यापाऱ्यांना आपले परवाने देतच होते. तिघांचा कागद एकाच जातीचा. पण कान्होजींनी घरासमोरच्या पाण्यावर तो लागू केला तेव्हा मात्र ती लूट ठरली!

त्यांचा जन्म 1669चा. मूळ आडनाव संकपाळ. आंगरवाडी या गावावरून आंग्रे झाले. वडील तुकोजी शिवरायांच्या आरमारात, सुवर्णदुर्गावर. म्हणजे पोराला भरती-ओहोटी कुणी शिकवावी लागली नसणार. पुढे औरंगजेब दख्खनमध्ये ठाण मांडून बसला आणि घाटावरचे किल्ले एकामागून एक जाऊ लागले, त्या धामधुमीत किनारा सांभाळून ठेवणारा हा माणूस. सरखेल, म्हणजे आरमारप्रमुख, झाला तो त्या कर्तबगारीवर.

शाहू आणि ताराबाईंच्या भांडणात ते आधी ताराबाईंकडे होते. शाहूंनी पेशवा बहिरोपंत पिंगळे चालून पाठवला, तर त्यालाच कैद केलं. मग 1714च्या सुमारास बाळाजी विश्वनाथ लोणावळ्याजवळ भेटीला आले, बोलणी झाली आणि कान्होजी शाहूंच्या बाजूला आले. सरखेलपद आणि किनाऱ्यावरचे किल्ले त्यांच्याकडेच राहिले. स्वतःचं आरमार आणि दस्तकाचं स्वतःचं उत्पन्न असलेल्या माणसाशी असंच बोलावं लागतं, हे बाळाजीपंतांनी ओळखलं होतं.

इंग्रजांशी ठिणगी त्याआधीच पडली होती. नोव्हेंबर 1712 मध्ये मुंबईचे गव्हर्नर एस्लाबी यांचं सशस्त्र जहाज कान्होजींनी धरलं. त्यावर कारवारकडे निघालेले ईस्ट इंडिया कंपनीचे अधिकारी थॉमस चाउन होते. ते चकमकीत मारले गेले आणि त्यांची तरुण पत्नी कॅथरिन कैदेत पडली. 30,000 रुपये खंडणी भरून तिला सोडवावं लागलं. त्यानंतर तह झाला, पण खरा तंटा तसाच राहिला. कंपनीच्या जहाजांना हात लावणार नाही, हे कान्होजींना मान्य. पण मुंबईचा हिंदी व्यापारी इंग्रजांचा कागद दाखवून फुकट जाऊ पाहील, तर ते का सोडतील? सारं दस्तकच त्यात बुडालं असतं.

1715च्या अखेरीस चार्ल्स बून गव्हर्नर म्हणून आले आणि त्यांनी आंग्र्यांना संपवायचंच ठरवलं. विजयदुर्गावर हल्ला, फसला. 1718 मध्ये मुंबईच्या तोंडाशी असलेल्या खांदेरीवर हल्ला, तोही फसला. 1720 मध्ये तोफांची एक खास तरंगती नौका बांधून पुन्हा विजयदुर्ग. पुन्हा हात हलवत परत. शहरात भीती अशी की वाळकेश्वरचं देऊळ बांधणारे श्रीमंत रामा कामती यांच्यावर आंग्र्यांशी संधान बांधल्याचा खटला भरला, त्यांची मालमत्ता जप्त केली. ते तुरुंगातच वारले. ज्या पत्रांवर हा खटला उभा होता ती बनावट होती, हे मागाहून कळलं.

मोठी जहाजं असूनही इंग्रजांचं का चालेना? आंग्र्यांच्या गुराबा, म्हणजे तोफांच्या मोठ्या लढाऊ नौका, आणि लहान गलबतं बघा. दोन्हींचा तळ उथळ, म्हणून खाडीत सहज शिरत. गलबतांना चाळीस-पन्नास वल्ही, म्हणजे वारा पडला तरी चालत. गुराबेच्या तोफा नाळेवरून, म्हणजे पुढच्या टोकावरून, समोर मारा करत. वारा पडला की इंग्रजांचं अवजड जहाज जागच्या जागी डुलत राहायचं; त्याच्या तोफा दोन्ही कुशींना, पिछाडी उघडी. आंग्र्यांची गलबतं गुराबांना ओढून नेमकी तिथे आणून उभी करत. आधी शिडं आणि डोलकाठ्या फोडायच्या, मग माणसं चढवायची. जमिनीकडचा मतलई वारा कधी सुटतो, समुद्राकडचा खारा कधी, हे नौका हाकणाऱ्या तांडेलाला ठाऊक असे. मला तर यात शौर्याइतकंच हे रोजचं जाणतेपण मोठं वाटतं.

1721च्या डिसेंबरात इंग्रज-पोर्तुगीज मिळून सुमारे सहा हजारांची फौज घेऊन अलिबागजवळच्या कुलाबा किल्ल्यावर आले. सोबत इंग्लंडच्या राजाच्या आरमाराची जहाजं, कमोडोर मॅथ्यूज, आणि पोर्तुगीज व्हाइसरॉय जातीने हजर. एका मराठा घोडेस्वाराने मॅथ्यूजच्या मांडीत भाला मारला. चिडलेला मॅथ्यूज त्याच्यामागे धावला, पिस्तूल रोखलं, तर ते भरलेलंच नव्हतं! एवढ्यात बाजीराव फौज घेऊन आले. पोर्तुगिजांनी जानेवारी 1722 मध्ये मराठ्यांशी परस्पर तह उरकला आणि इंग्रज एकटे पडले. 1724 मध्ये डच विजयदुर्गावर आले, तेही तसेच गेले.

कान्होजी 4 जुलै 1729 रोजी वारले. समाधी अलिबागला आहे. तिथून ओहोटीला चालत कुलाबा गाठता येतो.

त्यांच्या मुलांत भाऊबंदकी माजली. मानाजी एकीकडे, संभाजी दुसरीकडे, नंतर तुळाजी. तुळाजींनी पेशव्यांना जुमानलं नाही, आणि बाळाजी विश्वनाथांच्या नातवाने, नानासाहेबांनी, इंग्रजांशी हातमिळवणी केली. फेब्रुवारी 1756 मध्ये इंग्रजांचे वॉटसन आणि क्लाइव्ह विजयदुर्गावर आले. बंदरात गुराबा आणि गलबतं जळत होती, आणि बाजीरावांच्या मुलाची फौज या वेळी पलीकडच्या बाजूने आलेली होती.