नाव पुढे जातं, अर्थ घरी राहतो

श्रोतेहो, नमस्कार.

'नाव सोनूबाई, हाती कथलाचा वाळा' असं म्हणताना आपण एक गोष्ट गृहीत धरतो. नावाला अर्थ असतो आणि ज्याचं नाव आहे त्यानं त्या अर्थाला जागायला हवं, ही ती गोष्ट. जगातल्या वेगवेगळ्या भाषांतली नावं उकलून पाहिली, की मात्र वेगळंच चित्र दिसतं. अर्थ बहुतेक नावांना असतो, पण तो नाव ठेवण्याच्या दिवशी कामाला येतो. पुढे नाव चालतं ते नुसत्या उच्चारावर. एका भाषेतून दुसऱ्या भाषेत जाताना तर उच्चार तेवढा सोबत निघतो आणि अर्थ घरीच राहतो.

योहान हे नाव घ्या. मूळ हिब्रू, योहानान. अर्थ, 'याह्वेनं, म्हणजे देवानं, कृपा केली'. ग्रीकांनी त्याचं इओआन्नेस केलं, लॅटिननं योहानेस. तिथून ते युरोपभर पसरलं आणि प्रत्येकानं आपापल्या जिभेच्या सोयीनं वळवलं. इंग्रजीत जॉन, फ्रेंचमध्ये झाँ, स्पॅनिशमध्ये हुआन, इटालियनमध्ये जोव्हान्नी, रशियनमध्ये इव्हान, हंगेरियनमध्ये यानोश. आयरिश लोकांनी शॉन केलं, स्कॉटिशांनी इयन. जर्मनांनी तर पुढचा भाग सोडून शेपूटच धरलं आणि हान्स असं नाव तयार केलं. हान्स आणि शॉन शेजारी ठेवा, एक 'न' सोडला तर दोघांत नातं सांगणारं काही उरलेलं नाही. आणि यांतल्या कुणालाही आपल्या नावात देवाची कृपा ऐकू येत नाही.

थोमाची, म्हणजे इंग्रजीतल्या थॉमसची, गोष्ट याहून गमतीची. अरामी भाषेत 'तओमा' म्हणजे जुळा. म्हणजे हे मुळात नाव कमी आणि ओळख जास्त, 'तो जुळा' अशी. बायबलमधल्या योहानाच्या शुभवर्तमानात येशूच्या या शिष्याला दिदुम असंही म्हणत, असं सांगितलंय. आता ग्रीकमध्ये 'दिदुमोस' म्हणजेही जुळाच. थोडक्यात, जुळा ज्याला जुळा म्हणतात! ग्रीक वाचकाला पहिला शब्द कळणार नाही म्हणून दुसरा दिला. आज थॉमस नावाचे असंख्य लोक एकेकटेच जन्मलेले आहेत आणि कुणी त्यांना दुसरा कुठे म्हणून विचारत नाही.

पीटरच्या बाबतीत मात्र उलटं घडलं. त्या शिष्याचं नाव होतं शिमोन. येशूनं त्याला केफा म्हटलं, अरामीत खडक. हे नाव ग्रीकमध्ये जाताना उच्चारानं गेलं आणि अर्थानंही. अर्थ धरून ग्रीकांनी त्याचं पेत्रोस केलं. पण एवढं एकदाच. पेत्रोसपासून पुढे पीटर, पेद्रो, प्योत्र झाले ते केवळ उच्चारानं. अरबीत 'प' नाही, म्हणून तिथे बुत्रुस. फ्रेंच तेवढे भाग्यवान, त्यांच्या भाषेत पिएर हे नावही आहे आणि दगडाला शब्दही तोच. तेव्हा पीटर म्हणजे आपला धोंडोपंतच म्हणायचा. हेतू मात्र निराळा, तिथे दगड चर्चच्या पायाचा, इथे दृष्ट लागू नये म्हणून.

कधी कधी नाव नव्या भाषेत शिरताना नुसतं बदलत नाही, तुटतं. अलेक्सांद्रोस हे ग्रीक नाव दोन तुकड्यांचं, रक्षण करणे आणि पुरुष. माणसांचं रक्षण करणारा. ते अरबीत पोचलं तेव्हा ऐकणाऱ्यांना सुरुवातीचं 'अल' ओळखीचं वाटलं. अरबीत 'अल' हे नामाआधी लागणारं उपपद. ते बाजूला काढल्यावर उरला इस्कंदर आणि त्याचाच पुढे सिकंदर झाला. सिकंदर राजानं वसवलेलं अलेक्झांड्रिया शहर अरबीत अल-इस्कंदरिया. रक्षणाचा तुकडा मधोमध चिरला गेला, पण दरारा तसूभरही कमी झाला नाही.

मेनांद्रोस या ग्रीक राजाचं पाली भाषेत मिलिंद झालं. इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातला हा राजा, भिक्खू नागसेनाला प्रश्न विचारणारा. संस्कृतात मिलिंद म्हणजे भुंगा. त्या राजाचा भुंग्याशी काडीचाही संबंध नाही, पण कोशात अर्थ सापडला की तो नावाला चिकटतोच.

उच्चार इतके भटकतात, तसं एक म्हणणंही पुन्हा पुन्हा भेटतं. मूल ही देवाची देणगी, हे सांगणारी नावं किती भाषांत असावीत! ग्रीक थिओडोर, म्हणजे देव आणि देणगी. तेच दोन तुकडे उलटे जोडा, डोरोथिया तयार. रशियन फ्योदोर हा थिओडोरच. हिब्रूत नथानिएल आणि मत्तय, लॅटिनमध्ये देओदातुस, फ्रेंचमध्ये दिएदोने, स्लाव भाषांत बोग्दान, फारसीत खुदादाद, अरबीत अताउल्लाह. आणि संस्कृतात देवदत्त. व्याकरणकारांनी तर देवदत्ताला इतकं राबवलंय की 'देवदत्त गावाला जातो', 'देवदत्त भात शिजवतो' अशा उदाहरणांतून त्याची सुटकाच नाही. बुद्धाला पाण्यात पाहणारा चुलतभाऊ देवदत्तच होता आणि अर्जुनाच्या शंखाचं नावही देवदत्त.

यात देव बदलला की गंमत येते. इसिडोर म्हणजे इसिस या इजिप्शियन देवीची देणगी. आणि हे नाव मिरवणारा सगळ्यांत प्रसिद्ध माणूस कोण, तर सेव्हिलचा ख्रिस्ती आर्चबिशप संत इसिडोर, इ. स. ६३६ मध्ये वारलेला. इसिस त्याच्या नावात गाढ झोपली होती. पण हा अर्थ कधी अचानक जागाही होतो. इ. स. ५३३ मध्ये पोप म्हणून निवडल्या गेलेल्या धर्मगुरूचं नाव होतं मर्क्युरियस, रोमन देव मर्क्युरीवरून. पोपच्या गादीवर मूर्तिपूजकांच्या देवाचं नाव कसं चालायचं? त्यानं योहान हे नाव घेतलं, तो दुसरा योहान. गादीवर येताना नाव बदलणारा तो पहिला पोप.

काही समाजांत मात्र नावाचा अर्थ झोपत नाही, कारण ज्या भाषेत ते ठेवलं त्याच भाषेत ते रोज बोललं जातं. घानामधल्या अकान लोकांत जन्मवार नावातच येतो. संयुक्त राष्ट्रांचे माजी सरचिटणीस कोफी अन्नान यांचं पूर्ण नाव कोफी अट्टा अन्नान. कोफी म्हणजे शुक्रवारी जन्मलेला मुलगा. अट्टा म्हणजे जुळ्यांपैकी एक. अन्नान म्हणजे चौथं अपत्य. त्यांचा जन्म ८ एप्रिल १९३८ चा, वार शुक्रवार, आणि जुळ्या बहिणीचं नाव एफुआ, म्हणजे शुक्रवारची मुलगी. तीन शब्दांत जन्माचा दाखलाच झाला की हा!

नायजेरियातल्या योरुबा भाषेत जुळ्यांची नावं ठरलेली. आधी बाहेर येणारा ताइवो, जगाची चव पहिल्यांदा घेणारा. मागून येणारा केहिंदे. आणि मोठा कोण? केहिंदे! जग कसं आहे ते बघून ये, असं सांगून त्यानं धाकट्याला पुढे धाडलं, असं मानतात. अशी तर्कसंगती मला फार आवडते.

ज्या घरात मुलं जगत नसत, तिथली नावं ऐकवत नाहीत. योरुबात दुरोजाइये, 'थांब, जरा जगणं उपभोग'. इग्बो भाषेत ओन्वुबिको, 'मृत्यू, तुला विनवतो'. आपले दगडू आणि धोंडू याच पंगतीतले, फक्त ते आर्जव करत नाहीत, घ्यायला या लायकीचं इथे काही नाही असं दाखवतात.

चीनमध्ये हान घराण्याच्या काळात आजार दूर राहावा अशी नावं ठेवत. हुओ छुबिंग या नामांकित सेनापतीच्या नावाचा अर्थ 'आजार घालवला'. तो इ. स. पूर्व ११७ मध्ये वारला, पंचविशीही न गाठता. त्याच घराण्यातला नंतरच्या काळातला सम्राट श्वान याचं मूळ नाव बिंगयी, 'आजार सरला'. आता अडचण अशी, की सम्राटाच्या नावातली अक्षरं प्रजेनं लिहायची नाहीत असा दंडक होता. आणि ही दोन तर रोजच्या वापरातली, 'आजार' हा शब्द टाळून माणूस लिहिणार कसा? लोक नकळत गुन्हेगार ठरू लागले. तेव्हा इ. स. पूर्व ६४ मध्ये सम्राटानं स्वतःचंच नाव बदलून श्युन हे क्वचित लागणारं अक्षर घेतलं. प्रजेच्या सोयीसाठी नाव बदलणारा राजा विरळाच.

आता नावांच्या याद्यांबद्दल. बाळासाठी नाव शोधताना हल्ली आपण सगळेच त्या चाळतो. नाव एका बाजूला, अर्थ दुसऱ्या बाजूला, आणि अर्थ नेहमी सुंदर. माझा त्यांच्यावर फारसा विश्वास नाही. नाव कोणत्या भाषेतलं, मूळ रूप काय, हे जिथे दिलेलं नसतं, तिथला अर्थ यादी करणाऱ्याच्या पदरचा असू शकतो.

व्हॅनेसा हे नाव पाहा. कित्येक याद्यांत अर्थ दिलेला असतो, फुलपाखरू. हे नाव अठराव्या शतकाच्या सुरुवातीला जोनाथन स्विफ्ट या लेखकानं बनवलं. त्याच्या एका मैत्रिणीचं आडनाव व्हॅनहॉमरी, नाव एस्थर. आडनावातलं व्हॅन घेतलं, एस्थरचं लाडकं रूप एसा घेतलं आणि दोन्ही जोडली. अर्थ असा काहीच नव्हता. पुढे १८०७ मध्ये फाब्रिसियस या कीटकशास्त्रज्ञानं फुलपाखरांच्या एका प्रजातिगटाला व्हॅनेसा हे नाव दिलं. म्हणजे बाई आधी आणि फुलपाखरू जवळजवळ शंभर वर्षांनी.

नमस्कार.