बढतीचा निर्णय लांबला तर

मित्रहो, समोर बसलेल्या बऱ्याच जणांच्या पिशवीत अर्जांच्या प्रतींची चळत असणार. खानापूर घ्या, निपाणी घ्या, रडगाणं एकच. ज्येष्ठता यादीत आपलं नाव वर, खालचा माणूस एसडीएचा एफडीए, म्हणजे द्वितीय श्रेणी सहायकाचा प्रथम श्रेणी सहायक होऊनही गेला, आणि आपला अर्ज ‘विचाराधीन’. मग दर वर्षी नवा अर्ज टाकायचा, आवक शिक्का मारून घ्यायचा आणि प्रत फायलीला लावायची. त्या शिक्क्यांच्या भरवशावर राहू नका, हे सांगायला मी आज उभा आहे.

आपल्याकडे ज्येष्ठतेची भांडणं आजची नव्हेत. १९५६ साली चंदगड तालुका वगळून बेळगाव जिल्हा मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात, म्हणजे आजच्या कर्नाटकात गेला. मुंबईचा कारकून आणि म्हैसूरचा कारकून एकाच यादीत बसवायचे, तर वर कोण आणि खाली कोण? राज्य पुनर्रचना कायद्याचं कलम ११५ याच कामासाठी होतं. केंद्राच्या पूर्वपरवानगीशिवाय कुणाच्या सेवाशर्ती बिघडवायच्या नाहीत, अशी अटही त्यात होती. असो, तो विषय निघाला तर रात्र पुरणार नाही.

आता कायदा. बढती मिळणं हा तुमचा हक्क नाही. रागावू नका, पुढचं ऐका. बढतीसाठी तुमच्या नावाचा विचार होणं हा हक्क आहे, आणि तोही मूलभूत. १९९९ च्या अजितसिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केलं. त्याआधी १९६८ मध्ये आपल्याच राज्याचा खटला झाला, म्हैसूर राज्य विरुद्ध सय्यद महमूद. ज्येष्ठांचा विचारच न करता कनिष्ठांना बढती दिली होती. उच्च न्यायालयाने थेट बढतीचा हुकूम दिला. सर्वोच्च न्यायालय म्हणालं, बढती तुम्ही देऊ नका, सरकारला विचार करायला लावा. तेव्हा अर्जात नुसतं ‘मला बढती द्या’ लिहू नका. ‘कनिष्ठाला दिली त्या तारखेपासून माझा विचार करा, आणि अमुक मुदतीत करा’ असं मागा.

जायचं कुठं? राज्य कर्मचाऱ्याने आधी केएटीत, म्हणजे कर्नाटक राज्य प्रशासकीय न्यायाधिकरणात. त्याचं पीठ बेळगावातच आहे. धारवाडचं उच्च न्यायालय त्यानंतर. १९९७ च्या चंद्रकुमार निकालापासून वाट अशीच आहे.

खरी गोम मुदतीत आहे. १९८५ चा प्रशासकीय न्यायाधिकरण कायदा म्हणतो, खात्याकडे दिलेल्या अर्जावर सहा महिने उत्तर आलं नाही तर तिथून पुढं न्यायाधिकरणात जायला एक वर्ष. जानेवारी २०२४ मध्ये अर्ज दिला असेल, तर जुलै २०२५ मध्ये दार बंद. मधल्या काळातल्या स्मरणपत्रांनी ते पुन्हा उघडत नाही. मुदत संपल्यावर एखाद्या अर्जाला एंडॉर्समेंट, म्हणजे खात्याचं लेखी उत्तर मिळालं म्हणून मेलेला दावा जिवंत होत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये सी. जेकब खटल्यात बजावलं आहे. उशीर माफ होऊ शकतो, पण सबळ कारण लागतं. ‘साहेब बघतो म्हणाले होते’ हे कारण मी कोर्टात चाललेलं पाहिलं नाही. १९७५ च्या सदाशिवस्वामी खटल्यातले गृहस्थ चौदा वर्षांनी आले होते. सहा महिने, फार तर वर्ष, एवढ्यात यायला हवं होतं, असं ऐकून परत गेले.

खात्याकडून उत्तर आलंच तर बहुधा ‘चौकशी चालू आहे’ असं येतं. इथं दबून जाऊ नका. १९९१ च्या जानकीरामन निकालाप्रमाणे आरोपपत्र बजावल्यानंतरच तुमचं नाव सीलबंद लिफाफ्यात ठेवता येतं, म्हणजे बढतीचा निर्णय चौकशी संपेपर्यंत बंद ठेवता येतो. प्राथमिक चौकशी किंवा निनावी तक्रार त्याला पुरत नाही. मात्र आधी आपलं घर तपासा. खातेपरीक्षा राहिली आहे का? कन्नडची परीक्षा दिली आहे का? ती राहिली असेल तर वकिलाची फी वाचवा आणि अभ्यासाला बसा.

निवृत्ती जवळ आलेल्यांनी तर एक दिवसही दवडू नये. पश्चिम बंगालचे डॉ. अमल सत्पथी ३१ डिसेंबर २०१६ ला निवृत्त झाले. बढतीची अंतिम मंजुरी आली ४ जानेवारी २०१७ ला. चार दिवस! न्यायाधिकरण आणि उच्च न्यायालय त्यांच्या बाजूने होते, तरी २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कागदोपत्री लाभसुद्धा नाकारला. पदाचा कार्यभार घेतल्याशिवाय त्या पदाचा पगार नाही.

शेवटची गोष्ट, जिच्यामुळे लोक कचरतात. कनिष्ठाची बढती रद्द करून मागायची तर त्याला प्रतिवादी करावं लागतं, नाहीतर अर्ज त्याच मुद्द्यावर पडतो. शेजारच्या टेबलावरच्या माणसाला तुमच्या नावाने नोटीस जाते. ते अवघड वाटत असेल तर त्याच्या बढतीला हात लावू नका, फक्त स्वतःचा विचार मागा. पण काय मागायचं ते अर्ज दाखल करण्याआधी ठरवा.