अप्पासाहेब म्हण

श्रोतेहो, नमस्कार.

सोलापूरहून पंढरपूर, तिथून दिघंचीवरून आटपाडी. माझे आजोबा हाच रस्ता उलटा चालत इकडे आले. माणदेशात पावसानं पाठ फिरवली की माणसं पोटासाठी आपल्या गिरण्या गाठायची, त्यातलेच एक. पुढं सगळी हयात साच्यावर गेली, पण पहाटे भोंग्याच्या आधी सतरंजी अंथरून बारा सूर्यनमस्कार घालायचं त्यांनी कधी चुकवलं नाही. कुणी कौतुक केलं की म्हणायचे, "पंतसरकारांच्या शाळेतला आहे मी. नमस्कार घातल्याशिवाय पाटीला हात लावू देत नव्हते तिथं."

पंतसरकार म्हणजे साताऱ्याकडच्या औंध संस्थानचे राजे भवानराव पंतप्रतिनिधी. आज बोलायचंय ते त्यांच्या मुलाबद्दल, पुढं भारताचे राजदूत झालेल्या अप्पासाहेब पंतांबद्दल. जन्म १९१२चा. ऑक्सफर्डला शिकले, बॅरिस्टर झाले, आणि परत आले ते ७२ गावांच्या संस्थानात. संस्थान तरी कसं? गोधडीच्या तुकड्यांसारखं. औंध इकडे, आटपाडी तिकडे, कुंडल तिसरीकडे, आणि एक तुकडा पार विजापूरकडे. सलग असं काही नाहीच.

या एवढ्याशा राज्यात १९३९ साली राजानं आपणहून सत्ता सोडली. मॉरिस फ्रीडमन नावाचा एक पोलिश इंजिनिअर तिथं येऊन राहिला होता. तो, अप्पासाहेब आणि स्वतः गांधीजी यांच्या बोलण्यातून औंधची घटना तयार झाली. कारभार गावपंचायतीकडे गेला. आटपाडीजवळ स्वतंत्रपूरला कैद्यांची भिंत नसलेली वसाहत उभी राहिली. 'दो आँखें बारह हाथ' हा शांतारामबापूंचा सिनेमा तुम्ही पाहिला असेल, त्याचं मूळ तिथलं. आणि ती गोष्ट लिहिली गदिमांनी, म्हणजे आटपाडीच्याच पंचक्रोशीतल्या माडगूळकरांनी!

मला वाटतं, अप्पासाहेबांची खरी परराष्ट्रसेवा इथंच सुरू झाली. गावच्या पारावर बसून दोन भावकींची समजूत काढायची, कुणाचा फेटा न पाडता. पुढं जगभर त्यांनी वेगळं काय केलं?

१९४८ साली औंध विलीन झालं आणि नेहरूंनी त्यांना नैरोबीला पाठवलं, पूर्व आफ्रिकेत भारताचे आयुक्त म्हणून. राज्य इंग्रजांचं, दुकानदारी बरीचशी आपल्या लोकांची, जमीन आफ्रिकनांची आणि तीही हिसकावलेली. नेहरूंचा निरोप स्पष्ट होता: इथल्या भारतीयांनी स्वतःसाठी वेगळ्या सवलती मागू नयेत, आफ्रिकनांच्या बाजूनं उभं राहावं. आता हे पेढीवर बसलेल्या व्यापाऱ्याला जाऊन सांगायचं म्हणजे बघा! अप्पासाहेबांनी ते सांगितलं. केनियातले आफ्रिकनांचे पुढारी जोमो केन्याटा यांच्याशी मैत्री केली, आफ्रिकन पोरांना शिष्यवृत्ती देऊन भारतात शिकायला धाडलं. १९५२मध्ये केनियात आणीबाणी आली, केन्याटांना अटक झाली, आणि इंग्रजांचा यांच्यावरचा संशय वाढत गेला. लंडनहून दिल्लीकडे तक्रारी गेल्या. अखेर १९५४ साली त्यांना तिथून हलवलं गेलं. गंमत अशी, की त्याच वर्षी सरकारनं त्यांना पद्मश्री दिली. पाठवणी आणि पाठ थोपटणं एकाच वर्षात!

मग गंगटोक. सिक्कीम, भूतान आणि तिबेट अशी तिन्हींकडची जबाबदारी. १९५८च्या सप्टेंबरात नेहरू भूतानला निघाले, तर भूतानला जायला मोटाररस्ताच नव्हता. अडुसष्ट वर्षांचे पंतप्रधान, बरोबर इंदिराबाई, नाथू ला खिंड ओलांडून तिबेटच्या चुंबी खोऱ्यातून घोड्यावर आणि पायी. त्या वाटेवर अप्पासाहेब सोबत होते. पुढच्याच वर्षी दलाई लामांना तिबेट सोडावं लागलं आणि ती वाट मिटली.

त्यानंतरच्या नेमणुका भराभर सांगतो: इंडोनेशिया, नॉर्वे, इजिप्त, मग लंडनला उच्चायुक्त, शेवटी इटली. आणि या सगळ्यात लेखन. सूर्यनमस्कारावर पुस्तक आलं १९७०मध्ये, लंडनला उच्चायुक्त असताना. वडिलांचा वसा काही सुटला नाही. १९७४मध्ये 'अ मोमेंट इन टाइम' हे आत्मकथन. १९८७च्या पुस्तकाचं नावच 'अनडिप्लोमॅटिक इन्सिडेंट्स'. राजदूतानं आपल्या पुस्तकाला हे नाव द्यावं, यातच माणूस कळतो. १९८९मध्ये वडिलांवर आणि औंधच्या प्रयोगावर 'अ‍ॅन अनयुज्वल राजा'.

हे शेवटचं पुस्तक मला जुन्या पुस्तकांच्या गाड्यावर मिळालं, पुठ्ठा सुटलेलं. तोवर आजोबा पार थकले होते, नमस्कार थांबले होते, सतरंजी मात्र उशाशी घडी करून असायची. इंग्रजी त्यांना येत नव्हतं. मी एकेक परिच्छेद वाचायचो आणि मराठीत सांगायचो. आटपाडीचं नाव आलं की ते डोळे उघडायचे, पंचायतीचं आलं की मान हलवायचे. एकदा मी सांगत होतो, "इथं अप्पा पंत लिहितात की..."

आजोबांनी हात वर करून मला थांबवलं.

"अप्पासाहेब म्हण," म्हणाले. "हं, आता वाच पुढं."