शिव्हॉनची जोन

नमस्कार मंडळी. आज जिच्याबद्दल बोलायचंय तिचं नाव इंग्रजी अक्षरांत लिहिलेलं बघितलं की आपण हमखास चुकीचं वाचतो, सिओभान असं काहीतरी, पण खरा उच्चार आहे शिव्हॉन. शिव्हॉन मॅकेना. आयर्लंडची अभिनेत्री. तुमच्यापैकी कुणी 'डॉक्टर झिवागो' पाहिला असेल तर त्यात तोन्याच्या आईच्या, म्हणजे ॲनाच्या रोलमध्ये तुम्ही तिला पाहिलंय, फक्त नाव लक्षात राहिलं नसेल. आणि हे नाव मी सुरुवातीलाच सांगून ठेवतेय कारण पुढे त्याचं काम आहे.

जन्म 1923 चा, बेलफास्टचा. पण ती लहान असतानाच घर हललं ते गॉलवेला, आयर्लंडच्या पश्चिम किनाऱ्यावर, कारण वडील तिथल्या युनिव्हर्सिटीत गणिताचे प्रोफेसर झाले. घरात बोलणं आयरिश भाषेत. आता हे आपल्याला साधं वाटतं, आयरिश माणूस आयरिश बोलणार नाहीतर काय, पण तसं नाहीये हो, तोपर्यंत देशातले बहुतेक लोक इंग्रजीवर गेलेले होते आणि आयरिश उरली होती ती मुख्यतः पश्चिमेकडच्या कोनेमारासारख्या खडकाळ, गरीब पट्ट्यांत, कोळ्यांच्या आणि शेतकऱ्यांच्या तोंडी. गॉलवे शहर त्या पट्ट्याच्या अगदी उंबरठ्यावर. म्हणजे हिच्या कानावर दोन्ही भाषा पडल्या, आणि आयरिश पडली ती जिवंत, बाजारात भांडणारी, गोष्टी सांगणारी.

गॉलवेत 1928 पासून एक छोटं थिएटर आहे, ताइव्यार्क, जिथे नाटकं आयरिशमध्येच होतात. शिव्हॉन कॉलेजात असताना तिथे काम करायला लागली. लेडी मॅकबेथ तिने केली ती सुद्धा आयरिशमध्ये! मग पुढच्या शिक्षणासाठी डब्लिनला गेली आणि 1944 मध्ये ॲबी थिएटरमध्ये, म्हणजे आयर्लंडच्या राष्ट्रीय नाट्यगृहात शिरली, आणि ॲबीत तेव्हा आयरिश येणाऱ्या नटांना मुद्दाम घेत होते, त्यामुळे घरची भाषा तिच्या कामी आली. तिथेच डेनिस ओडे हा तिच्यापेक्षा बराच मोठा, मुरलेला नट भेटला, 1946 मध्ये लग्न झालं. त्यांचा मुलगा डोनका पुढे 1968 च्या मेक्सिको ऑलिंपिकला आयर्लंडकडून पोहायला गेला.

आता मुख्य गोष्ट. बर्नार्ड शॉचं 'सेंट जोन' नाटक, फ्रान्सच्या त्या खेडवळ पोरीचं जिला देवाचे आवाज ऐकू येतात आणि जी राजाला गादीवर बसवते आणि शेवटी जिला जाळतात. शॉ स्वतः डब्लिनचा, पण लिहिलं सगळं इंग्रजीत. शिव्हॉनने काय केलं, तर हे अख्खं नाटक स्वतः आयरिशमध्ये आणलं आणि 1950 मध्ये गॉलवेच्या त्या छोट्या थिएटरात स्वतःच जोन केली. आणि बघा गंमत, जोन या नावाचं आयरिश रूप म्हणजेच शिव्हॉन! त्यामुळे नाटकाचं नाव झालं 'सॅन शिव्हॉन'. मला हे पहिल्यांदा कळलं तेव्हा मी पुस्तक मिटून नुसती बसून राहिले होते. रोज संध्याकाळी स्टेजवर सगळे जण एका संत मुलीला हाक मारतायत आणि ते हिचं घरातलं नाव आहे.

भाषांतर ज्यांनी केलंय त्यांना माहितीये, एखादं वाक्य आपल्या भाषेत आणायचं म्हणजे ते दहा वेळा तोंडात घोळवून बघावं लागतं, कुठे श्वास घ्यायचा, कुठे शब्द अडकतो, हे बोलणारी बाई आपल्याकडे असती तर कशी बोलली असती. शिव्हॉनने ही सगळी तालीम इंग्रजी जोन करण्याच्या आधीच करून ठेवलेली होती. मग 1953 मध्ये डब्लिनला तिने तीच जोन इंग्रजीत केली, 1954 मध्ये लंडनला, 1956 मध्ये न्यूयॉर्कला, आणि इंग्रजी बोलताना सुद्धा पश्चिमेकडच्या खेड्यातला हेल तिने सोडला नाही. लंडनच्या स्टेजवर तेव्हा गुळगुळीत, घासूनपुसून काढलेली इंग्रजी चालायची, आणि ही बाई जोनला कोनेमाराच्या शेतकऱ्याच्या पोरीसारखं बोलायला लावतेय. पण जोन होती तशीच ना! शेतकऱ्याचीच पोर होती ती, दरबारातली नव्हती. लोकांनी डोक्यावर घेतलं तिला. 1956 मध्ये 'लाइफ' मासिकाच्या कव्हरवर तिचा फोटो आला, आणि त्या काळी लाइफचं कव्हर म्हणजे अमेरिकेच्या घराघरात चेहरा पोचणं. मला विचाराल तर हे यश आयरिशमधून आलेलं आहे, लंडनने फक्त त्याला टाळ्या वाजवल्या.

ब्रॉडवेवर त्याच सुमारास दोन नाटकांसाठी तिला टोनी या नाट्यपुरस्काराची नॉमिनेशन्स मिळाली, 'द चॉक गार्डन' आणि नंतर 'द रोप डान्सर्स'. 1957 मध्ये तर तिने न्यूयॉर्कला चक्क हॅम्लेट केला, म्हणजे हॅम्लेटच, स्टेजवर ती दिसणार आणि बाकीची पात्रं नुसते विंगेतून येणारे आवाज.

सिनेमाने मात्र तिला नीट वापरलं नाही असं माझं स्पष्ट मत आहे. 1961 च्या 'किंग ऑफ किंग्ज' मध्ये ती येशूची आई मेरी झाली, आणि येशू झालेला जेफ्री हंटर तिच्याहून जेमतेम तीन वर्षांनी लहान. तरी ती आई वाटते, कारण ती फार काही करतच नाही, नुसती बघते, आणि त्या बघण्यात सगळं कळलेलं असतं. मग 1962 मध्ये 'द प्लेबॉय ऑफ द वेस्टर्न वर्ल्ड', सिंज या आयरिश नाटककाराच्या नाटकावरचा. हेच नाटक 1907 मध्ये ॲबीत पहिल्यांदा झालं तेव्हा प्रेक्षकांनी दंगा घातला होता, आपल्या खेड्यातल्या लोकांची बदनामी केली म्हणून. त्यातली दारूच्या गुत्त्यावरची पोर पेगीन ही शिव्हॉनची स्टेजवरची गाजलेली भूमिका, सिनेमा झाला तेव्हा ती चाळिशीला टेकली होती आणि पेगीन विशीतली, क्लोजअपमध्ये ते दिसतं, नाही म्हणणार नाही मी. पण शेवटी पेगीनचा आवडता पोरगा हातचा गेल्यावर ती जे रडते ना, ते डोळे मिटून ऐका.

कारण तिचं खरं भांडवल आवाज. 1956 मध्ये जेम्स जॉईसच्या 'युलिसिस' कादंबरीतल्या मॉली ब्लूम या बाईचं स्वगत तिने रेकॉर्ड केलं. ते मजकूर म्हणून पानावर बघितलं तर छाती दडपते, स्वल्पविराम नाही, पूर्णविराम जवळजवळ नाहीतच, पानंच्या पानं नुसते शब्द वाहतायत. मी ते वाचायचा प्रयत्न दोनदा सोडून दिला होता. मग एका रात्री हेडफोन लावून शिव्हॉनचं ऐकलं आणि सगळं उलगडलं, अंथरुणात पडलेली, झोप न येणारी एक बाई, आठवणीतून आठवण निघतेय, मध्येच हसू, मध्येच चीड, मध्येच आवाज इतका खाली जातो की आपण कान पुढे करतो. 1970 मध्ये तिने 'हिअर आर लेडीज' नावाचा एकपात्री प्रयोग सुरू केला, आयरिश लेखकांनी लिहिलेल्या बायका एकापाठोपाठ एक, त्यातही मॉली होतीच. 1975 मध्ये आयर्लंडच्या राष्ट्राध्यक्षांनी तिला आपल्या सल्लागार मंडळावर, काउन्सिल ऑफ स्टेटवर नेमलं.

आणि मग शेवटचं काम, ज्यासाठी ती परत गॉलवेला आली. डिसेंबर 1985, ड्रुइड थिएटर, टॉम मर्फीचं नवं नाटक 'बॉलेगनगारे'. बॉले म्हणजे गाव, गन म्हणजे विना, गारे म्हणजे हसू. हसू नसलेलं गाव. दिग्दर्शन गॅरी हाइन्सचं. स्वयंपाकघराच्या मधोमध एक पलंग, त्यावर मोमो नावाची म्हातारी, भ्रमिष्ट झालेली, समोरच्या नातीला ओळखत नाही, आणि रोज रात्री एकच गोष्ट सांगते, एका गावाचं हसू कसं गेलं त्याची, गुत्त्यात लागलेल्या हसण्याच्या पैजेची, आणि रोज शेवट यायच्या आधी थांबते. कारण शेवट तिच्या स्वतःच्या घरातला आहे. ती आणि नवरा त्या पैजेत अडकून पडले तेव्हा घरी तीन नातवंडं एकटी होती आणि त्यातला धाकटा मुलगा भाजून गेला. नाटकभर ही म्हातारी गोष्ट सांगतेय, इंग्रजीत, मध्ये मध्ये आयरिश, आणि मोठी नात मेरी हट्टाला पेटलीये की आज गोष्ट पूर्ण झालीच पाहिजे. शिव्हॉन बासष्टची होती, पलंग सोडून कुठे हलायचं नाही, फक्त तोंड आणि हात. लहानपणी गॉलवेच्या आसपास ऐकलेल्या म्हाताऱ्यांची बोली आता तिच्या तोंडी होती. शेवटी मोमो गोष्ट पुरी करते, नातीला नावाने हाक मारते, आणि मोमो, मेरी आणि धाकटी नात डॉली, तिघी बायका एकाच पलंगावर निजतात.

पुढच्या वर्षी, 16 नोव्हेंबर 1986 ला, शिव्हॉन डब्लिनमध्ये गेली. दफन मात्र गॉलवेला, राहूनच्या स्मशानभूमीत झालं.