दोन चंद्र टांगण्याआधी
(कोकणातल्या एका लेखन शिबिरात मे महिन्यात झालेलं व्याख्यान, थोडं हात फिरवून)

सकाळी तुमच्यापैकी सात जणांनी आपापल्या काल्पनिक जगांचे आराखडे वाचून दाखवले. सातांपैकी पाच जगांत दोन चंद्र होते. त्यातल्या तिघांचा दुसरा चंद्र तांबडा. का तांबडा, असं मी एकाला जेवताना विचारलं, तर म्हणाला, "सर, गूढ वाटावं म्हणून." प्रामाणिक उत्तर आहे, मला आवडलं. पण चंद्र नुसता रंगवून भागत नाही.

मी बंदरालगत वाढलो. आमचे आजोबा भरतीची वेळ घड्याळावरून नाही, तिथीवरून सांगायचे. तिथीची पाऊणपट करायची. चतुर्थी असेल तर चाराची पाऊणपट तीन, म्हणजे तीनच्या सुमारास भरती. अष्टमीला सहा. थोडं मागेपुढे होतं, पण होडी काढायला तेवढा हिशेब पुरतो. चंद्र रोज साधारण पन्नास मिनिटं उशिरा डोक्यावर येतो, म्हणून भरतीही तेवढीच पुढे सरकते. पौर्णिमा-अमावास्येला उधाण, अष्टमीच्या आसपास भांग, म्हणजे पाण्याची चढउतार सगळ्यात कमी. शाळेत न गेलेल्या माणसाला हे पाठ असायचं.

आता यात तुमचा तांबडा चंद्र घाला. आजोबांची पाऊणपट मोडली! दोन्ही चंद्र एका रेषेत आले की असं उधाण येईल की धक्का पाण्याखाली जाईल. एकमेकांना काटकोनात असले की पाणी जेमतेम हलेल, होड्या चिखलात रुतून बसतील. तिथ्या दोन, त्यांचा मेळ घालणारं पंचांग तिसरंच. ते पंचांग ज्याला बसवता येतं, त्याच्या दारात सगळा गाव उभा. अशा गावात राजाला कोण विचारतो? तुमच्या पाच कथांपैकी एकीतही समुद्र हलला नव्हता.

मला एवढंच सांगायचं आहे की आकाशातल्या गूढाला नेम हवा, आणि त्या नेमापायी खाली कुणाचं तरी काम अडायला हवं. कारण नंतर सांगा, किंवा सांगूच नका.

आपल्याकडे हे फार पूर्वी करून झालंय. निवडणुकीत कुणालाच बहुमत मिळालं नाही की वर्तमानपत्रांना त्रिशंकू आठवतो, पण तो वर आकाशात आहे हे बहुतेकांच्या गावीही नसतं. बालकांडातली गोष्ट तुम्हाला माहीत आहे. इक्ष्वाकू कुळातल्या या राजाला सदेह स्वर्गात जायचंय. वसिष्ठ नाही म्हणतात, विश्वामित्र यज्ञ करून त्याला वर धाडतात. इंद्र त्याला तिथून ढकलून देतो आणि तो खाली डोकं वर पाय असा कोसळायला लागतो. विश्वामित्र ओरडतात, "थांब, थांब!" तो अधांतरी थांबतो. मग ऋषी रागाच्या भरात दक्षिणेला दुसरे सप्तर्षी रचतात, नवी नक्षत्रं मांडतात, आता नवा इंद्रच करतो म्हणतात, तेव्हा कुठे देव तडजोडीला येतात. नवे तारे राहतील, राजाही तिथेच राहील, पण उलटाच.

मला यातली तडजोड सगळ्यात आवडते. आकाशात एक विचित्र गोष्ट दिसते, कारण वर एक भांडण अर्धवट मिटलंय. प्रतिसृष्टी हा शब्द आपण इथूनच घेतला. तुम्ही लोक जे करू पाहताय त्याला मराठीत इतका नेमका शब्द आयता मिळालाय, तरी फलकावर 'वर्ल्ड बिल्डिंग' लिहिलंय. असो.

आपण मराठीत ज्याला त्रिशंकू म्हणतो ते चार ताऱ्यांचं लहानसं नक्षत्र आहे. ते सरळ उभं असताना सगळ्यात तळचा तारा सगळ्यात तेजस्वी दिसतो, जणू डोकं खालीच आहे. आणि उत्तरेतल्या माणसाच्या दृष्टीनं तो खरोखर घसरतोय. पृथ्वीचा आस भोवऱ्यासारखा डुलतो, एका फेरीला सुमारे 26,000 वर्षं लागतात. दोन हजार वर्षांपूर्वी हा तळचा तारा अयोध्येहून क्षितिजाच्या सुमारे 11 अंश वर दिसायचा. आज तिथे तो क्षितिजालाच टेकलाय.

नेम उसना घ्यायचा तर खऱ्या आकाशातून घ्यावा. सारथी नक्षत्रात ब्रह्महृदय या ठळक ताऱ्याशेजारी एक साधासा तारा आहे. दर 27 वर्षांनी तो मंद होतो, जवळपास निम्म्यावर येतो आणि दोनेक वर्षं तसाच राहतो. धुळीची एक मोठी काळी चकती त्याच्यासमोरून सरकत जाते. 2009 ते 2011 मध्ये असं झालं होतं, पुढची खेप 2036 मध्ये.

27 वर्षं! या आकड्यावर मी कितीतरी रात्री घालवल्यात. एक बेट घेतलं. तिथले लोक एकाच ताऱ्यावर नजर ठेवून रात्री होड्या हाकतात. दर 27 वर्षांनी तो दोन वर्षं पुरता विझतो. त्या काळाला ते 'विझत' म्हणतात. विझतीत रात्रीची होडी नाही, म्हणजे लांबची मासळी नाही, पलीकडच्या बेटाशी सोयरीक नाही. ठरलेली लग्नं दोन वर्षं लटकतात. एका मुलीनं आठव्या वर्षी पहिली विझत पाहिली. तेव्हा तिला त्यात मजा वाटली, कारण बाप रोज रात्री घरी. दुसरीला ती पस्तिशीची, नवरा पलीकडच्या बेटावर अडकलेला. तिसरीला बासष्टची. तोवर गावात असे तरुण भरलेत ज्यांनी विझत पाहिलेलीच नाही, आणि त्यांना म्हातारीचं बोलणं म्हणजे होड्या अडवायचा कावा वाटतो.

तो तारा का विझतो, हे मी वहीत लिहून ठेवलंय. बेटावर ते कुणालाच ठाऊक नाही आणि म्हातारीही विचारत नाही. ती सुकी मासळी जास्तीची भरून ठेवते.

आता उरलेला भाग गच्चीवर. साडेनऊच्या सुमारास त्रिशंकू बरोबर दक्षिणेला उभा असेल. हात लांब करून मूठ धरा, क्षितिजापासून साधारण एक मूठ वर तळचा तारा सापडेल. समोरच्या माडांनी तो झाकू नये म्हणून आपण पश्चिमेच्या कोपऱ्यात बसणार आहोत. गच्चीवरचा दिवा बंद ठेवायला सांगितलाय. दोन चंद्रवाल्यांनी येताना चटया आणा.